एक तारखेचा शुक्रवार

टॉल्किन या इंग्रज लेखकाच्या कल्पित जगातल्या हॉबिट लोकांमध्ये वायदा बुडवायची एक खास रीत आहे. उसने पैसे कधी परत देणार? शुक्रवारी, एक तारखेला. डुकरांना पंख कधी फुटणार? त्याच दिवशी. आपल्याकडे एखादा '३० फेब्रुवारीला नक्की' म्हणतो आणि ऐकणारा काय ते समजून घेतो, त्यातलाच हा प्रकार. (३० फेब्रुवारीचं मात्र जरा जपून म्हणावं. स्वीडनमध्ये जुन्या-नव्या कालगणनेचा घोळ निस्तरताना १७१२ साली तो खरोखर उगवला होता.) पण हॉबिटांच्या थट्टेमागे नुसता एका महिन्याचा आखूडपणा नाही, अख्खी दिनदर्शिका आहे. ती ज्यानं रचली, त्याला तिच्यात नसलेल्या दिवसावर विनोद सुचला. माझी त्या दिनदर्शिकेशी मैत्री झाली ती तिथे.

टॉल्किन यांनी 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' या कादंबरीच्या तिसऱ्या खंडाला, म्हणजे १९५५ साली, जी परिशिष्टं जोडली त्यांतलं एक फक्त कालगणनेवर आहे. अंगठीचा निकाल लागलेला, राजा गादीवर बसलेला. दमलेला वाचक सहसा तिथवर जात नाही. मला लहानपणापासून पंचांग चाळायची खोड, म्हणून मी गेलो. हॉबिटांच्या शायर प्रांतात महिने बारा आणि सगळे तीस-तीस दिवसांचे. झाले ३६०. राहिले पाच. हे पाच दिवस कुठल्याच महिन्यात नाहीत. दोन ऐन हिवाळ्यात, सरत्या वर्षाचा शेवटचा आणि नव्याचा पहिला. तीन भर उन्हाळ्यात. लीप वर्ष असलं की या तिनांचे चार होतात आणि त्या चौथ्या दिवशी खाण्यापिण्याची चंगळ.

इथवर काही नवल नाही. गंमत पुढे आहे. ३६५ ला सातानं भागलं की एक उरतो, म्हणून दर वर्षी तारखेचा वार एकानं सरकतो. हॉबिटांना ही कटकट नको होती. त्यांनी उन्हाळ्यातल्या तिनांपैकी मधला दिवस वारांतूनच काढून टाकला. त्याला महिना नाही, तारीख नाही आणि वारही नाही. लीप वर्षातल्या जादा दिवसाचंही तेच. मग उरले ३६४, बरोबर ५२ आठवडे. प्रत्येक वर्ष शनिवारी उघडायचं आणि शुक्रवारी मिटायचं. कागदावर मांडून पाहिलं तर महिन्यांच्या पहिल्या तारखा रविवार, मंगळवार, गुरुवार, शनिवार, सोमवार, बुधवार अशा पडत जातात आणि दुसऱ्या सहामाहीत पुन्हा हाच क्रम येतो. शुक्रवार कुठेच नाही. म्हणून तो वायदा.

याच परिशिष्टात टॉल्किन सहज सांगून जातात, की या सुधारणेनंतर शायरमधले लोक पत्रांत आणि रोजनिशीत वार लिहीनासेच झाले. तारखेवरून वार कळतोच, मग लिहायचा कशाला? घरी ही सोय छान होती. शायरबाहेरच्या ब्री गावाच्या पलीकडे प्रवास करायची वेळ आली की मात्र पंचाईत. कल्पित जगाच्या कालगणनेबद्दल याहून शहाणपणाची ओळ माझ्या वाचनात नाही. दिनदर्शिकेची सोय वेशीपर्यंतच चालते. वेशीबाहेर दुसऱ्या कुणाची तरी दिनदर्शिका असते.

या बाबतीत टॉल्किन किती काटेकोर होते, ते त्यांच्या मुलाला १९४४ साली लिहिलेल्या एका पत्रात दिसतं. कथेतला चंद्र एका मुलखात उगवतोय आणि त्याच वेळी दुसरीकडे मावळतोय हे लक्षात आल्यावर ते मागची प्रकरणं सुधारायला बसले होते. आणि शायरच्या महिन्यांची नावं त्यांनी मनानं रचलेली नाहीत. बीड नावाच्या इंग्रज मठवासीयानं ७२५ साली कालगणनेवर ग्रंथ लिहिला, त्यात त्यानं आपल्या लोकांचे, ते ख्रिस्ती होण्याआधीचे जुने महिने नोंदवून ठेवलेत. एका महिन्याला गाईंचं दूध दिवसातून तीनदा काढायचं म्हणून त्याचं नाव पडलेलं. उन्हाळ्यात 'लिथा' नावाचे दोन महिने. आणि चंद्राचे महिने सूर्याच्या मागे पडायला लागले, की त्या वर्षी लिथा तीन! म्हणजे आपला अधिक महिनाच. फक्त आपला वेगवेगळ्या ऋतूंत टपकतो आणि त्यांचा ठरून उन्हाळ्यातच. हॉबिटांचे उन्हाळ्यातले तीन उपरे दिवस या तीन लिथांची आठवण म्हणूनच आले असावेत, असं मला वाटतं.

वारच नसलेला दिवस ही कल्पना फक्त हॉबिटांची असती तर आपण कौतुक करून पुढे गेलो असतो. पण ज्या वर्षांत हे परिशिष्ट छापलं जात होतं, नेमक्या त्याच वर्षांत भारत सरकार हीच युक्ती साऱ्या जगाला विकायचा प्रयत्न करत होतं. एलिझाबेथ अ‍ॅकेलिस या अमेरिकन बाईंनी १९३० पासून 'जागतिक दिनदर्शिके'चा ध्यास घेतला होता. ९१ दिवसांच्या चार तिमाह्या, झाले ३६४. डिसेंबरच्या शेवटी एक बिनवाराचा जागतिक दिवस. लीप वर्षात जूनच्या शेवटी आणखी एक. १९५३ मध्ये भारतानं हा विषय संयुक्त राष्ट्रांपुढे नेला आणि १९५४ मध्ये मेघनाद साहा त्याची बाजू मांडायला जिनिव्हाला गेले. ताऱ्यांच्या वर्णपटाचं गणित सोडवणारा हा माणूस १९५२ पासून भारताच्या पंचांग सुधारणा समितीचा अध्यक्ष होता. देशात तेव्हा तीसेक पंचांगं चालू होती, त्या सगळ्यांना एका दोरीत ओवायचं काम त्यांच्याकडे होतं.

जिनिव्हात अडलं ते त्या एका बिनवाराच्या दिवसावर. सात दिवसांची साखळी हजारो वर्षं तुटलेली नाही. ज्यू, ख्रिस्ती, मुसलमान यांचा उपासनेचा वार तिच्यावर टांगलेला. मधे एक दिवस न मोजता सोडला की सरकारी शनिवार वेगळा आणि देवाचा शनिवार वेगळा. १९५५ मध्ये अमेरिकेनं नकार कळवला आणि प्रस्ताव बारगळला. हॉबिटांना ही अडचण आली नाही, कारण त्यांच्यात शनिवारी कुणी उपास करत नाही. साहा फेब्रुवारी १९५६ मध्ये गेले. त्यांच्या समितीची राष्ट्रीय दिनदर्शिका २२ मार्च १९५७ रोजी, म्हणजे १ चैत्र शके १८७९ ला लागू झाली. ती राजपत्रावर आणि आकाशवाणीवर आहे, आणि जवळपास तिथेच आहे. हिशेब चोख, वापरणारा कुणी नाही. एखाद्या फॅन्टसी कादंबरीच्या शेवटच्या पानावर ती खपून गेली असती, असं मनात येतं आणि वाईटही वाटतं.

हे सगळं मी वाचत आलो ते निव्वळ हौसेनं नाही. गेली काही वर्षं एक मराठी अद्भुतकथा लिहितोय, आणि तिच्या जगाला कालगणना हवी होती. त्या निमित्तानं इतरांच्या पुष्कळ कल्पित दिनदर्शिका पाहिल्या. बहुतेकांचा साचा एकच: बारा महिने, तीस दिवस, महिन्यांना 'हिमज्वाला' वगैरे नावं, आणि वर्ष बरोबर ३६० दिवसांचं. चंद्रही समजूतदार, तीसाव्या दिवशी न चुकता पूर्ण. भागाकार निःशेष. अशा जगात पंचांगकर्त्याला कामच नाही, भटजीशी कुणाचं भांडण नाही, तारखेवरून कुणी कोर्टात जात नाही. मला तिथे राहणारी माणसंच दिसत नाहीत. माणसं दिसायला लागतात ती बाकी उरते तिथे.

आपलं आभाळ या बाबतीत लेखकांवर फार मेहेरबान आहे. एका पौर्णिमेपासून पुढच्या पौर्णिमेपर्यंत सरासरी २९.५३०६ दिवस. ऋतूंचं वर्ष ३६५.२४२२ दिवसांचं. एकाला दुसऱ्यानं कसंही भागा, शेवट नाही. बारा चांद्रमास वर्षाला जवळपास अकरा दिवस कमी पडतात. १९ वर्षांत २३५ महिने बसवले तर दोनेक तासांपर्यंत जमतं, म्हणून दर १९ वर्षांत सात महिने जादा घालायचे. आपल्या पंचांगाचा नियम याहून देखणा आहे. ज्या चांद्रमासात सूर्य राशी बदलत नाही, तो अधिक. आणि ज्यात दोनदा बदलतो, तो क्षय. तो महिना गिळलाच जातो. भास्कराचार्यांनी लिहून ठेवलंय, की क्षयमास १४१ वर्षांनी आणि क्वचित १९ वर्षांनी येतो. १९६३-६४ मध्ये तो आला आणि १९८२-८३ मध्ये पुन्हा. मोजून पाहा.

या बाकीला प्रत्येक समाजानं गोष्ट जोडली आहे, आणि सगळ्या गोष्टी अनाथाच्या आहेत. प्लुटार्क या ग्रीक लेखकानं सांगितलेली इजिप्तची कथा अशी: सूर्यानं देवीला शाप दिला की वर्षाच्या कुठल्याही दिवशी तुला मूल होणार नाही. बुद्धीच्या देवानं चंद्राशी सोंगट्यांचा डाव मांडला, त्याच्या प्रकाशाचा थोडा थोडा वाटा जिंकत गेला आणि त्यातून पाच दिवस तयार करून वर्षाच्या बाहेर ठेवले. ते कुठल्याच वर्षात नव्हते, त्यामुळे शाप लागू होईना. पाच दिवसांत पाच देव जन्मले. कायद्यातली पळवाट इतकी सुंदर मी दुसरीकडे पाहिलेली नाही. आपल्याकडे मलमासाला कुणी स्वामी नव्हता, त्याला मंगलकार्यात कुणी उभं करत नव्हतं. तो रडत विष्णूकडे गेला, आणि विष्णूनं आपलंच नाव त्याला दिलं, पुरुषोत्तम. मग त्या महिन्यात लग्नमुंज नसली तरी जावयाची चैन. धोंडे काय, ३३ अनारसे काय. सासऱ्याला मात्र तेराव्या महिन्याचा पगार कुठेच मिळत नाही.

आणि बाकी कुणाच्या खात्यावर टाकायची यावर एकमत होत नाही, हेही आलंच. आमच्या आजोळच्या वाडीत एक घर टिळक पंचांगवाल्यांचं होतं. त्यांची मकरसंक्रांत १० जानेवारीला. राशीचक्राचा आरंभबिंदू कुठे धरायचा यावरून (अयनांशाचा वाद तो हाच) इतर पंचांगांशी चारेक अंशांचा फरक, म्हणून सूर्याच्या संक्रांतीत तेवढेच दिवस. पण या चार दिवसांनी कधी कधी अधिक महिनाच दुसरा ठरतो. मग त्यांचा गणपती वाडीच्या गणपतीच्या महिनाभर आधी यायचा आणि श्रावणात आमचा मांसाहार बंद असताना त्यांच्या घरी आरत्या चालायच्या. आम्हा पोरांना दोनदा मोदक मिळायचे, त्यामुळे आमचा दोन्ही अयनांशांना पाठिंबा होता. मोठी माणसं मात्र यावर फार हळू आवाजात बोलत. त्या घराला कुणी चूक म्हणायचं नाही आणि बरोबरही म्हणायचं नाही.

बाकीची सरकारी व्यवस्था लावायचा सर्वांत धीट प्रयत्न फ्रेंच क्रांतिकारकांचा. १७९३ च्या शरदात फाब्र देग्लांतीन या नाटककारानं नव्या महिन्यांना धुक्याची, हिमाची, फुलांची, सुगीची नावं दिली. आठवडा दहा दिवसांचा. दिवसांना संतांऐवजी भाज्या-झाडांची नावं, दर पाचव्या दिवसाला जनावराचं आणि दहाव्याला अवजाराचं. नावं कानाला गोड आहेत, पण पॅरिसच्या हवेची. हिंदी महासागरातल्या त्यांच्याच रेयुनियन बेटावर हिमाचा महिना भर उन्हाळ्यात यायचा. वर्षाअखेर उरलेल्या पाच दिवसांचे उत्सव केले: सद्गुणाचा, प्रतिभेचा, श्रमाचा, मताचा, बक्षिसांचा. यातला मताचा दिवस मला फार आवडतो. त्या दिवशी कुणाही नागरिकानं कुणाही सरकारी अधिकाऱ्याबद्दल वाटेल ते बोलावं, कायदा आड येणार नाही, अशी ती योजना होती. म्हणजे उरलेले ३६४ दिवस आड येणार, हे गृहीत. फाब्रला स्वतःला असा एकही दिवस भोगता आला नाही. नावं देऊन सहा महिने व्हायच्या आत, एप्रिल १७९४ मध्ये, त्याचं डोकं उडवलं गेलं. १ जानेवारी १८०६ ला नेपोलियननं ती दिनदर्शिकाही मोडीत काढली. सातातली एक सुट्टी काढून दहात एक देणारी दिनदर्शिका कष्टकऱ्यांच्या नावानं आली होती, हे विसरू नये.

आठवड्यावरून एक गंमत सांगतो, जग रचणाऱ्यांना उपयोगी पडेल. वारांचा क्रम असा का? शनि, गुरू, मंगळ, रवि, शुक्र, बुध, चंद्र हा ग्रहांचा जुना क्रम, मंद गतीकडून शीघ्र गतीकडे. दिवसाच्या २४ होरा, म्हणजे तास, या क्रमानं एकेकाला वाटायच्या, आणि पहिल्या होरेचा मालक तोच त्या दिवसाचा मालक. २४ ला सातानं भागून उरतात तीन, म्हणून प्रत्येक वार क्रमात तीन घरं पुढे: शनि, रवि, सोम, मंगळ, बुध, गुरू, शुक्र. आता तुमच्या जगात दिवस २० होरांचा करा. बाकी सहा. शनिवारनंतर सोमवार, मग बुध, शुक्र, रवि, मंगळ, गुरू. आणि २१ होरांचा केलात तर बाकी शून्य. रोज शनिवार! तेलाच्या घाण्यावाल्यांची चांदी, मारुतीच्या दारात कायमची रांग. मी एक संध्याकाळ या जगात मजेत काढली, पण कादंबरीत नेलं नाही. तिथेही भागाकार निःशेष जातो आणि माणसं गोठतात.

कल्पित जगांत मला आणखी एक गोष्ट खटकते. तिथे सगळ्यांची मिळून एकच दिनदर्शिका असते. आपला पेशवाईतला एखादा कागद काढून पाहा. मितीला आधी 'छ', म्हणजे चंद्र. मग हिजरी महिन्यातली तारीख, रजब किंवा जिल्काद. पुढे सुहूर सन, तो अंकांत नाही, अरबी संख्याशब्दांत: इहिदे, इसन्ने, सलास, अर्बा. आणि हा सन बदलतो कधी, तर सूर्य मृग नक्षत्रात गेला की, जूनच्या सुरुवातीला, पेरणीच्या तोंडावर. महिना चंद्राचा आणि वर्ष सूर्याचं, एकाच ओळीत. वर कधी शके आणि तिथीही. पुण्यात बसून हे लिहिणाऱ्या कारकुनाला यात काही विचित्र वाटत नसणार. आपल्याला मात्र जंत्रीशिवाय पुढे सरकता येत नाही.

शिवराज्याभिषेकाचंच घ्या. ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६. त्याच दिवसापासून महाराजांचा स्वतःचा राज्याभिषेक शक सुरू झाला. राजा झालो याची खूण म्हणजे काळ माझ्यापासून मोजा. इंग्रजांचा वकील ऑक्झिंडेन तेव्हा रायगडावर होता, त्याच्या हिशेबानं तो दिवस ६ जून १६७४. पण इंग्रज तेव्हा जुनीच ज्युलियन गणना वापरत होते, ती त्यांनी १७५२ मध्ये सोडली. पोर्तुगिजांनी १५८२ मध्येच नवी स्वीकारली होती. म्हणजे गोव्यात त्या दिवशी १६ जून. आज आपण तारखेनं सोहळा करतो तो ६ जूनला, आणि तिथीनं करतो तो वेगळा. १६ जूनला अजून कुणी वाली भेटलेला नाही. भेटेल, थोडा धीर धरा.

आणि हे केवळ कागदावरचं कुतूहल नव्हे, यात पैसे आहेत. अकबराच्या दरबारातल्या अबुल फजलनं त्याच्या सूर्यावर चालणाऱ्या इलाही गणनेचं समर्थन करताना मुद्दा मांडला तो असा, की चंद्राची ३१ वर्षं म्हणजे सूर्याची ३०. पीक सूर्यावर येतं आणि सारा चंद्रावर वसूल झाला, तर तीस हंगामांत रयत एकतीस वर्षांचा सारा भरते. रोममध्ये जादा महिना घालायचा की नाही हे पुरोहित ठरवत, आणि आपल्या माणसाची मुदत लांबवायची असेल तर तो घातला जाई. सीझरनं हे सगळं साफ करायला घेतलं तेव्हा इसवी सनपूर्व ४६ हे एक वर्ष ४४५ दिवसांचं करावं लागलं. त्या वर्षी कुणाचं घरभाडं किती झालं असेल, हा प्रश्न मला सीझरच्या खुनापेक्षा जास्त छळतो.

तेव्हा माझ्या जगात मी आधी बाकी ठरवली, मग महिने. वर्ष ३४० दिवसांचं. चंद्र २७ दिवस आणि पाव. बारा महिने म्हणजे ३२७, उरले तेरा. मुलूख दोन, त्यांना नावं कोकणातून उचलली: डोंगराकडची वलाटी आणि समुद्राकडची खलाटी. वलाटीचे लोक शेतकरी, त्यांना ऋतू हवा. ते बारा महिने मोजून तेरा दिवस बाहेर ठेवतात. त्यांना 'उपरे' म्हणतात. त्या दिवसांत महिना नाही, म्हणून मासिक काहीच नाही: पगार नाही, व्याज नाही, भाडं नाही. जन्मलेल्या पोराची नोंद आदल्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी. आणि कैदेत काढलेले उपरे दिवस शिक्षेत धरत नाहीत, त्यामुळे बारा वर्षांची सजा झालेला माणूस १५६ दिवस जास्त आत राहतो. खलाटीचे लोक कोळी, त्यांना भरती-ओहोटी हवी, ऋतूची फिकीर नाही. ते बारा चंद्र झाले की नवं वर्ष धरतात. त्यांची २६ वर्षं म्हणजे वलाटीची २५, दोन दिवसांचा काय तो फरक.

एवढं मांडलं आणि कथानक आपोआप आलं. खलाटीची एक कोळीण वलाटीच्या बाजारात होडीसाठी कर्ज काढते. खतावर लिहिलंय, 'पंचवीस वर्षांत फेड, व्याज दरमहा.' वर्षं कोणाची, ते लिहिलेलं नाही. सावकार म्हणतो, कर्जदार खलाटीची, तेव्हा वर्षं खलाटीची. मुदत ८१७५ दिवसांनी संपली, होडी माझी. कोळीण म्हणते, खत वलाटीच्या चावडीत झालं, तेव्हा मुदत ८५०० दिवस, आणि अजून ३२५ दिवस माझे आहेत. वर पंचवीस वर्षांतल्या उपऱ्या दिवसांना महिना नाही, म्हणून त्यांचं व्याजही नाही. चावडीतली गर्दी अर्थातच तिच्या बाजूची, आणि लिहायला बसलो तेव्हा मीही होतो.

मग सावकाराचा वकील उठतो. तो मुदतीवरून वाद घालतच नाही. वर्षं वलाटीची धरा, म्हणतो, मान्य. उपरे दिवस काळाच्या बाहेर आहेत, तेही मान्य. फक्त बाईंना एवढंच विचारा, त्या तेरा दिवसांत होडी किनाऱ्यावर ओढून ठेवली होती का? आणि नसेल ठेवली, तर ज्या दिवशी व्याज चढत नाही त्या दिवशी मिळालेली मासळी कोणाची? पंचवीस वर्षांच्या उपऱ्या दिवसांची मासळी त्यानं मोजून मागितली आहे, सुरमईचा भाव धरून. निकाल मी अजून लिहिलेला नाही. वलाटीच्या कायद्यात याला उत्तर सापडत नाही, आणि हा वकील मला दिवसेंदिवस जास्त आवडायला लागलाय.